पिसूला दीड ओळ

आमच्या गल्लीत नळावर भांडण लागलं की बाकीचे लोक दारं ओढून घ्यायचे आणि सिद्धप्पा सर पायांत चपला सरकवून बाहेर पडायचे. भांडण सोडवायला नव्हे, शिवी दुरुस्त करायला. एकदा दोघी जणी घागरी खाली ठेवून अगदी रंगात आल्या होत्या. एकीनं दुसरीला "गोचीड मेली!" म्हटलं मात्र, सर मध्येच जाऊन उभे राहिले.

"थांबा, थांबा. ह्यांना गोचीड म्हणता यायचं न्हाय. गोचीड एका जागी चिकटून रक्त पिती, ओढली तरी सुटत न्हाय. ह्या काय करायल्यात? बोलायचं आन् बाजूला व्हायचं. म्हणजे पिसू. चावली की उडी."

दोघी एकजुटीनं सरांवर तुटून पडल्या. तासाभरानं सर माझ्या ओट्यापाशी थांबून समाधानानं म्हणाले, "मिटलं का न्हाय भांडण, बाई?"

असा हा माणूस माझ्या वाट्याला सहकारी म्हणून आला आणि शेजारी म्हणून उरला. तुळजापूरच्या शाळेत ते मराठी शिकवायचे. माझी नेमणूक झाली तेव्हा मी सोलापूरहून नवी कोरी बी.ए. होऊन आले होते. बक्षीस मिळालेला जाडजूड शब्दकोश मी काखेत धरून शाळेत नेत असे. तो वर्गात कधी उघडावा लागला नाही, पण धरला की मान ताठ राहायची. पहिल्याच दिवशी शिक्षकांच्या खोलीत तरटावर बसले आणि पोटरीला काहीतरी कडकडून चावलं. मी बाईसाहेब, तोंड वेडंवाकडं न करता म्हणाले, "इथे मला कीटकदंश होतो आहे."

कोपऱ्यात पान जुळवत बसलेले सर म्हणाले, "बाई, पिसू चावली म्हणा. कीटकदंश सरकारी अहवालात होतो. माणसाला पिसू चावती."

मला इतका राग आला की घरी जाऊन मी कोशात 'पिसू' काढला. जनावरांच्या अंगावर राहणारा, पंख नसलेला, उड्या मारणारा, रक्त शोषणारा बारीक किडा, असं काहीसं दीड ओळीत आटोपलं होतं. दुसऱ्या दिवशी ते मी सरांना ठसक्यात वाचून दाखवलं. चूक तिथं झाली. पुढं सगळं आयुष्य मी त्या दीड ओळीचं व्याज फेडत राहिले.

"दीड ओळ!" सर म्हणाले. "आन् पितांबराला किती हाय बघा. अर्धं पान. पितांबर किती लोकांनी नेसलंय, बाई? आन् पिसू कुणाला चावली न्हाय?"

त्यांच्या घरात कानडी चाले, शेजारी दखनी, शाळेत मराठी. "आमच्या घरी चिगट, शेजारच्या चाचीकडं पिस्सू, वर्गात पिसू. चावती मात्र तिन्हीकडं सारखीच," हे वाक्य तर मी इतक्यांदा ऐकलं की झोपेतही म्हणून दाखवलं असतं. साधं बोलताना त्यांची भाषा मराठवाड्याची. अर्थ सांगायला लागले की आवाज बदलायचा, जणू छापून आलेलं वाचताहेत. "ढेकूण. नाम. पुल्लिंगी. दिवसा फटीत राहतो. लक्षणेनं, आमचे मुख्याध्यापक. दिवसभर दिसत न्हाईत, संध्याकाळी परिपत्रक काढत्यात." निरुद्योगी माणूस उवा मारत बसलेला, मुलाची चुळबूळ चालली की "पिसवा झाल्या व्हय रे तुला?" आणि तपासणीला येऊन जेवणासाठी मुक्काम वाढवणारा अधिकारी अर्थातच गोचीड. मला त्यांनी चिलट ठरवलं. "डोळ्यांपुढं लई भुणभुण करती, चावत न्हाय." मी तेव्हा आरशासमोर उभी राहून चावरी दिसते का, हे बघितल्याचं आठवतं. बावळट कुठली.

या माणसाशी संसार करणारी बाई कशी असेल, असं वाटे. ती निलव्वाकाकू. गोल, हसरी, कपाळावर विभूतीचे पट्टे. सर तिच्या वाणसामानाच्या चिठ्ठीतलं शुद्धलेखन तांबड्या शाईनं तपासायचे आणि मगच पिशवी उचलायचे. ती दारात उभी राहून मला म्हणायची, "बघ गं कुंदा, पास झाले तर शेंगदाणे मिळत्यात, नापास झाले तर उपास." आणि पदरात तोंड घालून हसायची. मी म्हणे, काकू, तुम्ही ऐकून कशाला घेता? ती म्हणे, "बोलू दे की. मोठ्यानं बोलणाऱ्या माणसाला ऐकू कमी येतं."

काकूंकडूनच मी एक शब्द उचलला. पिसवाळणे. चार लोकांत बसलेलं असताना कपड्याच्या आत पिसू चावते. खाजवता येत नाही, उठता येत नाही, ओरडता तर मुळीच येत नाही. चेहरा सरळ ठेवून आतल्या आत सोसत बसायचं, ते पिसवाळणं. मग तो शब्द पिसूपुरता राहत नाही. सासरच्या पहिल्या पंगतीत सून पिसवाळते, व्याही मोठेपणा सांगायला लागले की मुलीचा बाप पिसवाळतो. मी सोलापूरची, मला वाटलं इकडचा शब्द असेल. सरांनाही तसंच वाटत होतं.

काकू गेल्या आणि सर आणखी अवघड झाले. एरवी निदान कुणी "जेवायला चला" म्हणून त्यांना तोडायचं. आता ते सकाळी माझ्या ओट्यावर यायचे आणि दुपारी माझी सून आतून भांडी आपटायची तेव्हा उठायचे. अशात वर्तमानपत्रात एक निवेदन आलं. बोलीभाषांतले, कोशात न आलेले शब्द कुठलंसं मंडळ गोळा करत होतं. अट अशी की शब्द तीन वेगवेगळ्या गावांतल्या माणसांच्या तोंडून आपोआप निघालेला असावा, सुचवून वदवलेला नसावा, आणि त्याचं ध्वनिमुद्रण सोबत जोडावं.

सर निवेदनाची घडी घालत म्हणाले, "बाई, पिसवाळणे."

"बरं मग?"

"आपल्या जिल्ह्याचा शब्द हाय. निलव्वानं लग्नात मला बोललेलं पहिलं वाक्य हाय ते. बसायला घातलेली घोंगडी मेंढ्यांच्या वाड्यातनं तशीच उचलून आणली होती. जंगमस्वामी मंत्र म्हणायलेत, सारं गाव माझ्याकडं बघायलंय, आन् माझ्या मांडीला पिसवा. हात लावता येईना. ही मान खाली घालून हळूच म्हणती, 'लई पिसवाळलाव व्हय?' असा शब्द कोशात नसावा? माझ्या डोळ्यांदेखत तो आत गेला पाहिजे. माझं वय झालंय. माझ्यामागं कोण धडपड करणार ह्याच्यासाठी?"

हे शेवटचं वाक्य त्यांनी उगीच म्हटलं नव्हतं. छातीचं दुखणं होतं, डॉक्टरांनी प्रवास करू नका म्हणून सांगितलं होतं. मी काहीतरी समजुतीचं बोलणार, तोवर म्हणतात, "तुमच्या फोनात आवाज उतरवायची सोय हाय न्हवं?"

सोय नातीनं करून दिली होती. तिला मी अजून माफ केलेलं नाही.

शब्द सुचवायचा नाही, तर लोकांनी तो आपणहून म्हणावा कसा? सरांनी यावर जो उपाय काढला तो दुसऱ्या कुणाच्या डोक्यात आला नसता. त्यांनी उकिरड्यावरचं एक कुत्र्याचं पिलू उचललं. त्याच्या अंगावर केसांपेक्षा पिसवा जास्त. त्याचं नाव ठेवलं पुरावा. या पुराव्याला मांडीवर घेऊन सर लोकांच्या बैठकीत जाऊन बसायचे. थोड्या वेळात पिसवा धोतरात शिरायच्या. मग सर हात गुडघ्यांवर ठेवून, मान ताठ करून, दगडासारखा चेहरा करून, पिसवाळून बसायचे आणि समोरच्यानं त्या अवस्थेचं नाव घ्यायची वाट बघायचे. मी शेजारी, पर्समध्ये फोन चालू. पिसवांना काय, मराठीचे शिक्षक आणि त्यांच्या सहकारी बाई यांत फरक कळत नाही.

लोक सगळं म्हणाले, तो शब्द सोडून. "काका, मूळव्याध हाय का?" "काका, कुत्रं आधी बाहेर." एका देवीच्या पुजाऱ्यानं तर पाणी शिंपडून आम्हाला पायरीवर आणलं. सरांच्या शेजारची चाची पुराव्याकडं बोट दाखवून म्हणाली, "अरे मास्टर, इसको नीम के पानी से नहलाव, फिर लेके घूमो." घरी आले की सून मला मोरीत उभी करून माझे कपडे उकळत्या पाण्यात टाकायची. "आई, या वयात ही कुठली लक्षणं?" असं विचारायची. ज्या बाईनं कधीकाळी कीटकदंश होतो आहे म्हटलं होतं, तिची ही अवस्था.

पण मग लागला शब्द. तुळजापुरातच एका लॉजवाल्या बाईनं गल्ल्यावरून सरांकडं बघितलं आणि म्हणाली, "सर, पिसवाळलाव वाटतं! खाजवा की मोकळं, कोण बघायलंय?" सरांनी माझ्याकडं असं बघितलं की जणू नातू झाला. महिन्याभरानं लोहाऱ्याच्या जीपमध्ये पुढच्या सीटवर पुराव्याला घेऊन बसले, तर जीपवाला पोरगा म्हणाला, "काका, लई पिसवाळलाव, गाडी थांबवू का?" दोन झाले. सरांनी त्या जीपमध्येच सगळ्यांना पेढे वाटायची भाषा केली. पेढे नव्हते म्हणून मी वाचले.

तिसरं गाव येरमाळा. हमरस्त्यावरच्या एका हॉटेलात आम्ही चहा घेत बसलो. मालक पन्नाशीचा, मिशीवाला. सर नेहमीप्रमाणे ताठ. मालक टेबल पुसता पुसता थांबला, हसला आणि म्हणाला, "पिसवाळलाव न्हवं?" मी पर्सवर हात ठेवला. झालं! आता फोन पाठवून द्यायचा आणि आपण सुटलो. तेवढ्यात तो माणूस वाकला आणि त्यानं सरांचे पाय धरले.

"सर, वळखलं न्हाय व्हय? सातवी ब. तुम्हीच शिकवला की शब्द! इन्स्पेक्टर आला होता, माझ्या चड्डीत पिसू शिरली होती. तुम्ही म्हणला, लेका, ह्याला पिसवाळणं म्हणत्यात, वहीत लिहून घे."

सरांचा चहा तसाच राहिला. येरमाळ्यात त्यांची पहिली नोकरी झाली होती. त्यानंतर लोहारा. शेवटी तुळजापूर. मी मनातल्या मनात तिन्ही गावं जोडली. शब्द सापडला तिथं तिथं सर आधी शिकवून गेलेले. लॉजवालीचं तर विचारायलाच नको. तिच्या प्रगतिपुस्तकावर आम्हा दोघांच्याही सह्या होत्या. तुळजापुरात आमच्या हाताखालून न गेलेलं माणूस सापडायचं कुठं, म्हणून त्याचा विचारच कधी मनात आला नाही. जीपवाल्याचा नंबर होता, त्याला तिथूनच फोन लावला. तो म्हणाला, "आमच्या अण्णांचा शब्द हाय तो. अण्णा तुमच्या वर्गात होते सर, मार अजून सांगत्यात."

मी म्हटलं, "सर, वाक्य तेवढं ठेवते, पाय धरल्यापासून पुढचं काढून टाकते. नातीला येतं."

"काढायचं न्हाय."

"अहो, कुणाला कळणार आहे?"

"मला कळलंय की," सर म्हणाले. "आधी मुरूमला जायचं."

मुरूमजवळच्या एका खेड्यात काकूंचं माहेर. सरांचं म्हणणं असं की शब्द माझ्या तोंडून गेला असेल, पण आला निलव्वाच्या माहेरातून. तिथं अख्खं गाव म्हणत असेल, सीमेवरची चार गावं म्हणत असतील. छातीवर हात धरून दोन एसट्या बदलत आम्ही गेलो. पुराव्याला पिशवीत घातलेला, तोंड बाहेर. कंडक्टरनं त्याचं तिकीट मागितलं, तेव्हा सर त्याला 'तिकीट' या शब्दाबद्दल सांगायला लागले आणि मी खिडकीबाहेर बघत राहिले.

काकूंचे धाकटे भाऊ मल्लप्पा ओसरीवर तुरी निवडत होते. सर घोंगडीवर बसले, पुराव्याला मांडीवर घेतला, चेहरा दगडाचा केला. बराच वेळ गेला. मल्लप्पा म्हणाले, "भावजी, पोटात दुखायलंय का?" शेजारपाजारचे आले, बायका आल्या, म्हातारे आले. कुणी "चिगट" म्हणालं, कुणी "पिसवा". शेवटी सरांनीच आपला नियम मोडला. "मल्लप्पा, पिसवाळणं म्हणत्यात न्हवं तुमच्याकडं?"

मल्लप्पा तुरीतला खडा टाकत म्हणाले, "आमच्यात? न्हाय बा. ते अक्काचं असंल. लहानपणापासनं ती असं कायबी जुळवून बोलायची. कानडीचं शेपूट मराठीला, मराठीचं कानडीला. आय मारायची तिला त्यापायी. लगीन झाल्यावर थांबली असंल म्हणलं होतं मी."

परतीच्या एसटीत कंडक्टरनं पुराव्याचं तिकीट मागितलं, तेव्हा सरांनी मुकाट्यानं पैसे काढून दिले. शेतं मागं जात होती. मला वाटलं, हा माणूस आता खचला. आयुष्यभर दुसऱ्यांच्या शब्दांना अर्थ लावत बसलेला, आणि आपल्याच घरात रोज तयार होणारा शब्द याला ओळखता आला नाही. मी काहीतरी सांत्वनाचं शोधत होते, एवढ्यात शेजारून विचित्र आवाज यायला लागला. छातीत कळ आली म्हणून मी घाबरून वळले. सर हसत होते. डोळ्यांतून पाणी, खांदे हलताहेत, पुरावा पिशवीतून वर बघतोय.

"बाई," त्यांना बोलता येईना. "जन्मभर तिच्या चिठ्ठ्या तपासल्या मी. तांबड्या शाईनं. आन् तिनं... एक शब्द माझ्याकडनं तीन तालुक्यांना शिकवून घेतला! मी शाळंत तिचा धडा शिकवत होतो, बाई. आन् मला पगार मिळत होता!"

कंडक्टर मागं वळून बघत होता. मी त्याला म्हटलं, काही नाही, जरा पुढं बघा तुम्ही.

मी पुन्हा विचारलं, आता पाठवायचं की नाही? सर म्हणाले, "पाठवायचं. पण खरं लिहून." तिन्ही ध्वनिमुद्रणं पाय धरण्यासकट, मल्लप्पांच्या बोलण्यासकट पाठवली. अर्ज मी लिहिला, सर सांगत होते. शब्द, अर्थ, उदाहरण. व्युत्पत्तीच्या रकान्यापाशी ते थांबले, चष्मा पुसला आणि म्हणाले, "तिथं निलव्वा लिहा." मी म्हटलं, हे चालणार नाही, सर, परत येईल. ते म्हणाले, "येऊ द्या. परत पाठवू."

उत्तर यायच्या आधीच सर लिंगैक्य झाले. सकाळी ओट्यावर आले नाहीत म्हणून मी चिडून त्यांच्या दारात गेले, तर शेजारची चाची उंबऱ्यावर बसून रडत होती. पुरावा आता माझ्याकडं आहे. दर आठवड्याला कडुनिंबाच्या पाण्यानं अंघोळ घालते. सून तरीही त्याच्याशी आणि माझ्याशी बोलत नाही.

अर्ज परत आला. मी मंडळाला फोन लावला. एका मुलीनं उचलला, आवाजावरून माझ्या नातीएवढी. तेव्हापासून मी तिला रोज फोन करते. कालचं बोलणं असं झालं.

"आजी, मी सांगितलं ना, व्युत्पत्तीत संस्कृत, प्राकृत, कानडी, फारसी असं काहीतरी लागतं. माणसाचं नाव नाही चालत. शब्द लोकांचा असतो."

"लोकांचा आहेच की, बाळा. येरमाळ्यात लोक नाहीत, की लोहाऱ्यात नाहीत? पण पहिल्यांदा कुणीतरी एकानं तोंड उघडलंच असेल ना?"

"ते बरोबर आहे, पण..." तिचा आवाज एकदम बारीक झाला. "आजी, मी नंतर बोलू का? समोर साहेब बसलेत."

"साहेब बसलेत म्हणून तुला हो म्हणता येत नाही?"

"हं."

"आणि मी म्हातारी, म्हणून फोन ठेवताही येत नाही?"

"हं."

"आणि आतून नुसतं असं होतंय की उठून ओरडावं. पण खुर्चीत सरळ बसलीयस."

तिकडून खुर्ची कुरकुरल्याचा आवाज आला.

"त्यालाच म्हणतात, बाई," मी म्हटलं.

पलीकडं पेनचं टोपण काढल्यासारखं काहीतरी वाजलं आणि ती हळूच म्हणाली, "आजी, त्यांचं नाव परत एकदा सांगा."